बैठक झालीच कुठे?

गुणवंता चपराशी रजिस्टर घेऊन स्वयंपाकघराच्या दारात आला, तेव्हा अमिताचे दोन्ही हात पुरणात होते.

यात नवं काही नव्हतं. शेतकऱ्यांच्या सहकारी सोसायटीच्या संचालक मंडळात बायकांसाठी जागा राखीव झाल्या, अध्यक्षांची बायको म्हणून अमिता त्यातल्या एकीवर निवडून आली, आणि तेव्हापासून तिची बैठक ही अशीच व्हायची. बाकीचं मंडळ ऑफिसात बसायचं, चहा प्यायचं, ठराव करायचं. मग गुणवंता गाडीवर रजिस्टर टाकून सौंसरला घरी यायचा, पानावर बोट ठेवायचा, आणि अमिता पदराला हात पुसून बोटाखाली सही करायची. एका ठरावावर तिच्या सहीशेजारी कणकेचा ठसा होता, आणि तो मंडळातल्या लोकांचा आवडता विनोद होता. मोहगावच्या मनकर्णाबाई दुसऱ्या संचालक. त्यांची सही त्यांच्या गोठ्यात व्हायची.

"वहिनी, एक सही होती," गुणवंता म्हणाला. आज त्याने बोट मात्र ठेवलं नाही. तो गॅसकडे पाहत राहिला. तिथे धाकटी जाऊ डिंपल ज्वारीची आंबील ढवळत होती.

"कशावर?" अमिताने विचारलं.

गुणवंताला एकदम पायातल्या चपलेत काहीतरी सापडलं.

"माह्यावर, ताई," डिंपल मागे न वळता म्हणाली. "माह्या निलंबनावर."

जे झालं होतं ते सगळ्या तालुक्याला माहीत होतं. पोळा आणि दुसऱ्या दिवशीची दगडांची गोटमार आटोपली, पऱ्हाटीला आणि संत्र्याला खताची घाई लागली, आणि कधी नव्हे तो युरियाचा ट्रक सोसायटीच्या दारात उभा राहिला. पहाटेपासून लाइन. डिंपल सोसायटीची प्रबंधक, म्हणजे मॅनेजर, तीही अमिताच्या दिराशी, रोशनशी, लग्न होण्याआधीपासून, परीक्षा देऊन लागलेली. टोकन तिनेच वाटले होते आणि अंगठ्याच्या मशीनवर तीच बसली होती. तेवढ्यात भासऱ्यांचा, म्हणजे मोठ्या दिरांचा, फोन आला. प्रफुल्ल, अमिताचा नवरा, सोसायटीचा अध्यक्ष. उपाध्यक्ष श्रीधरभाऊंची लोधीखेड्याची माणसं येतील, त्यांच्यासाठी खताच्या बोऱ्या बाजूला काढून ठेव. डिंपलचे हात गुंतलेले, म्हणून फोन स्पीकरवर. "ज्याचं टोकन त्याचं खत, भाऊजी," ती म्हणाली. "तुम्ही स्वतः आले तरी लाइनीतच उभं करीन." लाइनीने टाळ्या वाजवल्या आणि एकाने ते टाळ्यांसकट मोबाइलवर घेतलं. दिवेलागणीपर्यंत तो तुकडा पांढुर्ण्यापासून मोहगावपर्यंत फिरून आला, आणि प्रफुल्लने सोसायटीच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर प्रबंधकाच्या निलंबनाचं पत्र टाकून दिलं. घरात कोणाला एक शब्द नाही. डिंपलला ते कळलं गवारीच्या शेंगा निवडताना.

आता इकडचा सरकारी कारभार हिंदीतला, आणि सोसायटीच्या सेवानियमात साध्यासुध्या हिंदीत लिहिलेलं होतं की कर्मचाऱ्याला निलंबित करायचं ते संचालक मंडळाने, बैठकीत बसून, त्याचं ऐकून. अध्यक्षाला एकट्याला तो अधिकार नाही. हे प्रफुल्लला ठाऊक नव्हतं असं नाही. पण रागाच्या भरात सोसायटी आणि घर यांतला उंबरा त्याला दिसला नाही. घरात त्याने उठ म्हटलं की माणसं उठत होती.

अमिताने हात धुतले, पुसले आणि रजिस्टर ओट्यावर घेतलं. तिने ठराव वाचायला घेतलेला पाहून गुणवंता घाबरला. असं याआधी झालं नव्हतं.

"बैठक कालची लिहिली हाय," ती म्हणाली.

"हो जी."

"काल? काल तं आपण महालक्ष्म्या आणल्या. हे तं दिवसभर स्टुलावर उभे राहून मखर बांधून राहिले होते. तुम्हीच खिळे देत होते, गुणवंताभाऊ. बैठक झालीच कुठे?"

"आता वहिनी, मले काऊन विचारता? साहेबानं सांगतलं, फिरवून आण. बाकीच्यायच्या झाल्या. दोघं जण नागपूरले गेलेत, तं तुमच्याशिवाय कोरम नाही होत."

खरं सांगायचं तर अमिताला डिंपलचा फार पुळका नव्हता. सकाळी नऊला स्कूटीला किक मारून ही निघून जायची आणि घरातलं सगळं अमिताच्या अंगावर पडायचं. तिचं बोलणंही तिखट. फोनवरचं ते वाक्य ऐकून अमितालाही झोंबलं होतं, कारण नवरा शेवटी तिचा होता. सही करून टाकली असती तर कोणी तिला नाव ठेवलं नसतं. पण ज्या बाईची नोकरी जाणार ती दोन हातांच्या अंतरावर उभी राहून देवाची आंबील ढवळते आहे, आणि न झालेल्या बैठकीत आपण 'सर्वसंमतीने' बसलो होतो असं आपल्याकडून लिहून घेताहेत, हे तिला काही केल्या गिळवेना.

"घेऊन जा हे," ती म्हणाली. "म्हणा, जी बैठक झाली नाही तिची सही मी करत नाही."

डिंपलच्या हातातला डाव थांबला. मग पुन्हा फिरू लागला.

*

प्रफुल्लने तिला मागच्या खोलीत बोलावलं. संत्र्याच्या रिकाम्या क्रेट तिथे छतापर्यंत रचलेल्या होत्या, आणि घरातली सगळी भांडणं त्यांच्या आडोशाला व्हायची, बाहेर ऐकू जात नाही अशा समजुतीने.

"काय ऐकून राहिलो मी?"

"बरोबर ऐकून राहिले."

"सही काऊन नाही केली?"

"बैठक नाही झाली म्हणून."

"आजपर्यंत कोणती झाली होती?" हे तोंडातून निघाल्यावर प्रफुल्ललाच ते बरं वाटलं नाही. त्याने आवाज खाली आणला. "हे पाह्य अमिता, भर लाइनीत तिनं माही इज्जत काढली. माही म्हणजे तुही नाही का?"

"काढली. मलेही लागलं ते. घरात तिले बोला, रोशनले बोला, चार दिवस अबोला धरा. मी मधात नाही पडत. पण नोकरी तिले तुम्ही नाही दिली."

"अध्यक्ष आहो मी."

"अध्यक्ष आहे, मालक नाही."

प्रफुल्ल तिच्याकडे बघतच राहिला. इतक्या वर्षांच्या संसारात ही बाई भाजीत मीठ कमी आहे हेसुद्धा दोनदा विचार करून सांगायची.

"तिनं शिकवलं हे तुले?"

"ती आंबिलीपासून हलली नाही."

"मंग डोकं कायले चालवून राहिली? तुले काय समजते सोसायटीतलं? बाईची जागा होती, तुह्या नावानं भरली. बस."

अमिताला वाईट वाटलं, आणि फार वाईट वाटलं. निवडणुकीच्या वेळी ती उन्हात वाड्यावाड्यांवर फिरली होती. बायकांनी तिच्या हातावर साखर ठेवली होती, अडचणी सांगितल्या होत्या, आमचं पाहजो बाई म्हटलं होतं. ती मतं तिला मिळाली आहेत असं तिला वाटत होतं. नवऱ्याच्या लेखी ती भरलेली जागा होती. डोळ्यांत पाणी आलं, तिने ते येऊ दिलं, पण आवाज हलू दिला नाही.

"भरली न माह्या नावानं? मंग त्या जागेवर मी उद्या येऊन बसते. बैठक बोलवा."

"उद्या विसर्जन हाय."

"विसर्जन संध्याकाळी हाय. सकाळी बोलवा. काढाचं असन तिले तं तिच्यासमोर काढा, मंडळाच्या हातानं काढा. मी नाही म्हणीन, बाकीचे हो म्हणतीन, तं माही काही तक्रार नाही."

"ये तं मंग," प्रफुल्ल म्हणाला. "पाहतो तुह्यामागं कोण उभं राहते." आणि त्या तिरमिरीतच त्याने तातडीच्या बैठकीचा निरोप ग्रुपवर टाकला, विषय एक.

*

पडवळाची कढी, सोळा भाज्या, पुरणपोळी. महालक्ष्म्यांच्या जेवणाला या घरात कधी काही कमी पडलं नव्हतं आणि आजही पडलं नाही. पण पानावर बसलेली माणसं एकमेकांकडे भात मागत नव्हती, वाढणाऱ्याकडे मागत होती. जेवणं उरकली तशी जयवंताबाईंनी, म्हणजे सासूबाईंनी, सगळ्यांना मखरासमोर बसवलं. दोघी महालक्ष्म्या नव्या लुगड्यांत समोर उभ्या होत्या.

"देव घरात बसले," जयवंताबाई म्हणाल्या, "अन् तुम्ही क्रेटाआड भांडून राहिले. मले सगळं ऐकू आलं. डिंपल, तो मोठा हाय. पाया पड त्याच्या अन् संपव हे."

"आई म्हणते तसं कर न," रोशन हळूच म्हणाला. रोशनचा स्वभाव असा की दोन माणसं भांडू लागली की तो पाणी आणायला उठायचा. "सॉरी म्हणून टाक. काय जाते आपलं?"

डिंपल उठली. सगळ्यांना वाटलं, सुटलो.

"भाऊजी," ती म्हणाली, "लोकायसमोर मी जसं बोलली तसं बोलायले नव्हतं पाह्यजे. त्याची माफी मागते." ती खरोखर वाकली आणि प्रफुल्लच्या पायांना हात लावून उभी राहिली. "पण खत दिलं नाही, त्याची नाही मागत."

"पाह्य आई, पाह्य," प्रफुल्ल उसळला. "हे माफी होय? लेखी दे म्हणा तिले. पुढं अध्यक्ष सांगन तसं वागीन, असं लेखी."

"ते मी नाही देत, भाऊजी."

आता सगळ्यांचे डोळे पुंडलिकरावांकडे गेले. सासरे. सोसायटी त्यांनीच गावोगाव सायकल मारून उभी केलेली, आणि प्रफुल्लच्या आधी कित्येक वर्षं अध्यक्षाची खुर्ची त्यांचीच. म्हातारा सुपारी कातरत बसला होता. सुपारी पूर्ण कातरून झाल्याशिवाय तो बोलत नसे, आणि घाई करणाऱ्याला तो दुसरी सुपारी कातरून दाखवायचा.

"अधिकार नाही तुले," शेवटी ते प्रफुल्लला म्हणाले. "एकट्याले नाही. मलेही नव्हता. चौकीदार दारू पिऊन झोपला सापडला होता, तवा मी त्याले काढतो म्हटलं. मंडळ म्हणे, त्याले बोलवा, विचारा. विचारलं. त्याची पोरगी मेली होती त्या हप्त्यात. राह्यला मंग तो. मी मुकाट्यानं घरी आलो."

प्रफुल्लचा चेहरा पडला. अमिताला वाटलं, झालं, आता कोणाला काही सिद्ध करायची गरज नाही. पण म्हातारा तिच्याकडे वळला.

"नियम तुह्या बाजूनं हाय, सूनबाई. तरी मी तुले सांगतो, सही करून दे. उद्या तू भर बैठकीत नवऱ्याविरुद्ध हात वर केला, तं घर राहणार नाही. डिंपलची नोकरी मी मागाहून पाहून घेतो. शब्द देतो."

हे तिला अपेक्षित नव्हतं. नवऱ्याशी भांडायला तिने कंबर कसली होती, सासऱ्यांसाठी तिच्याकडे काही तयार नव्हतं. या माणसाने तिला कधी टाकून बोललं नव्हतं. तिच्या बापाच्या आजारपणात हा महिनाभर नागपूरच्या दवाखान्यात बसून राहिला होता. आता तो मागतो आहे, आणि नाही म्हणायचं आहे.

"मामाजी," ती म्हणाली, "आज मी सही केली, तं उद्या ही याच घरात माह्या बाजूले बसून भाजी चिरीन. मी तिच्याकडं पाहीन कशी? घर मोडलं तं माह्या नाही म्हणण्यानं नाही मोडणार. त्या सहीनं मोडन. मी तुमचं कधी टाळलं नाही. हे टाळते."

मग जयवंताबाईंनीच विचारलं, "पण सही कायची मागून राहिला हा? बैठक तं उद्या हाय म्हणता."

"कालची," डिंपल म्हणाली. "काल दुपारी बैठक झाली असं लिहिलं त्यायनं."

"काल दुपारी?" जयवंताबाई मखराकडे वळल्या, मग लेकाकडे. "काल दुपारी तू या देवीयच्या डोक्यावर कळस बांधत होता. मी खालून स्टूल धरला होता. अन् तू लिहून देतो का तू तिथं होता?"

"आई, ते तसंच लिहितेत. कागदोपत्री असते ते."

"कागदोपत्री!" जयवंताबाईंना सोसायटीचे नियम ठाऊक नव्हते, पण महालक्ष्म्या घरात येत असताना त्याच घटकेला आपण दुसरीकडे होतो असं लिहून देणं म्हणजे काय, ते त्यांना पक्कं ठाऊक होतं. "यायच्या समोर उभा होता तू. अमिता, त्या कागदाले हात लावू नको. उद्या जाय तू. अन् तुम्ही," हे नवऱ्याला, "सुपारी खा."

पुंडलिकरावांनी सुपारी तोंडात टाकली. ते रागावले होते की त्यांना हलकं वाटत होतं, हे अमिताला शेवटपर्यंत कळलं नाही. रोशन पाणी आणायला उठला, अर्ध्या वाटेवरून परतला आणि डिंपलशेजारी येऊन बसला. प्रफुल्ल मात्र उठून बाहेर गेला, आणि त्या दिवसात बायकोशी पुन्हा बोलला नाही.

भांडी आवरताना डिंपल म्हणाली, "ताई, माह्यापायी तुमच्यात नको. मी पांढुर्ण्याले जाऊन वर तक्रार देते."

"दे न, तो तुहा हक्क हाय. पण मी उद्या तुह्यापायी नाही जाऊन राहिली. तू मले काही फार आवडत नाही."

डिंपल तिच्याकडे बघत राहिली आणि मग खो खो हसली. अमितालाही हसू आलं. इतक्या वर्षांत दोघी एकत्र अशा हसल्या नव्हत्या.

*

सकाळी प्रफुल्ल एकटाच गाडी घेऊन निघून गेला. अमिता डिंपलच्या स्कूटीवर मागे बसली. मोहगावच्या रस्त्याला दोन्हीकडे संत्र्याचे बगीचे, आंबिया बहराचं फळ हिरवंगार लगडलेलं. बघणारे बघत होते. अध्यक्षांची बायको निलंबित प्रबंधकाच्या गाडीवर चालली आहे, ही बातमी त्यांच्या आधी सोसायटीत पोचली.

बैठकीच्या त्या खोलीत अमिता पहिल्यांदाच पाय ठेवत होती. कोणत्या खुर्चीवर बसायचं तेही तिला कळेना. गुणवंताने टेबलाच्या डाव्या हाताची एक खुर्ची फडक्याने पुसली आणि म्हणाला, "हे तुमची, वहिनी. रिकामीच राह्यते." ती बसली. मनकर्णाबाई मुलासोबत आल्या, मुलाला दाराबाहेर उभं केलं आणि अमिताशेजारी येऊन टेकल्या. लोधीखेड्याचे दोघं संचालक आले. उपाध्यक्ष श्रीधर सगळ्यांत शेवटी आला, कडक इस्त्रीचा, हसतमुख.

"वहिनी, तुम्ही कायले तकलीफ केली? गुणवंता आला असता घरी."

"गुणवंताभाऊले उन्हाचा त्रास होते," अमिता म्हणाली.

प्रफुल्लने तिच्याकडे न बघता कागद उचलला. या सोसायटीची रीत अशी की भांडण मराठीत व्हायचं आणि ठराव हिंदीत. त्याने हिंदीतून आरोप वाचला, प्रबंधकाने अध्यक्ष महोदयांशी अशोभनीय व्यवहार केला वगैरे. डिंपल भिंतीपाशी उभी होती.

"झालं वाचून?" अमिताने विचारलं. तिला वाटलं होतं आवाज फुटणार नाही. फुटला. "मले काही विचारायचं हाय. हिनं खत चोरलं का?"

"नाही."

"हिशेबात घोळ केला?"

"तो विषय नाही."

"कोणाले टोकनाशिवाय बोरी दिली?"

लोधीखेड्याच्या एकाला खोकला आला. प्रफुल्लने हातातला कागद उलटून पाहिला.

"मंग हिले निलंबित कायच्यासाठी करून राहिलो आपण? अपमान झाला, तं मंडळानं तिले समज द्यावी. मी देते पहिली. डिंपल, मोठ्या माणसाशी फोन स्पीकरवर टाकून बोलत जाऊ नको. झालं. पण रागावून कोणाचं काम हिसकायचं, अन् तेही एकट्यानं ग्रुपवर पत्र टाकून, हे अध्यक्षाच्या हातात नाही. माह्याही हातात नाही. आपल्या सगळ्यायच्या हातात मिळून हाय, म्हणून तं आपण इथं बसलो."

"पण अमिताबाई, कालपरवा तुम्हाले सोडून इथल्या सगळ्यायनं सह्या केल्या," श्रीधर गोड आवाजात म्हणाला. "मनकर्णाबाईची बी हाय."

"माही?" मनकर्णाबाई चमकल्या. "मले तं पोरगं म्हणे पेन्शनचं हाय, कर. मी म्हशीचं दूध काढून राहिली होती." त्या डिंपलकडे वळल्या. "तूच का वो ते लाइनीवाली? माहा पोरगा तिसऱ्यांदा आला होता त्या दिवशी, अन् पहिल्यांदा खत घेऊन आला. मी कायले काढू तुले?"

प्रफुल्लने मत मागितलं. निलंबन कायम करा म्हणणाऱ्यांनी हात वर करावा. त्याचा स्वतःचा हात वर गेला. लोधीखेड्याच्या खोकणाऱ्याचा हात अर्धा उचलला गेला, त्याने श्रीधरकडे बघितलं, आणि मग त्याच हाताने डोकं खाजवलं. श्रीधर खिडकीबाहेर पाहत होता. बोऱ्या ज्याच्या माणसांसाठी मागितल्या होत्या, त्याचा हात टेबलाखाली होता. प्रफुल्लचा हात बराच वेळ एकटा वर राहिला, आणि त्या हाताकडे बघणं अमिताला सहन होईना.

"निलंबन नामंजूर," प्रफुल्ल म्हणाला आणि हात खाली घेतला. "कोण लिहीन?"

कामकाज लिहायचं काम प्रबंधकाचं. गुणवंताने रजिस्टर डिंपलसमोर सरकवलं. ती बसली, पेन उघडलं.

अमिताला वाटलं, आता उठता येईल. घरी जाऊन विसर्जनाची तयारी करता येईल, आणि नवरा पुन्हा कधी बोलेल ते त्याचं तो बघेल.

पण श्रीधर उठून उभा राहिला.

"एक मिनिट. झालं ते चांगलंच झालं. मीही मनातून याच मताचा होतो." तो सगळ्यांकडे बघून हसला. "पण मंग प्रश्न असा हाय का, न झालेली बैठक कोणी लिहिली? एकट्यानं निलंबन कोणी केलं? असा माणूस अध्यक्षाच्या खुर्चीवर कसा राहू शकते? आत्ताच, याच बैठकीत, अध्यक्षायले हटवायचा ठराव घेऊ. वहिनी, तुम्हीच मांडा. तुम्ही हात वर केला का सगळेच करतीन."

सगळ्यांचे डोळे अमितावर. लोधीखेड्याच्या दोघांचे हात मांडीवरून उचलायच्या बेतातच होते, या वेळी दोघांचेही. श्रीधरला ही खुर्ची हवी होती, किती दिवसांपासून हवी होती, हे न सांगता सगळ्यांना दिसत होतं. प्रफुल्लने मात्र मान वर केली नाही. त्याच्या कानशिलाजवळ घाम आला होता.

बाईची जागा, तुह्या नावानं भरली, बस. अमिताच्या कानात ते वाक्य अजून ताजं होतं. एक हात. कोणी तिला दोष दिला नसता. तिला तो हात वर करावासा वाटलाही, अगदी खरोखर वाटला.

तिने दोन्ही हात टेबलावर पालथे ठेवले.

"आजचा विषय एकच होता," ती म्हणाली. "हा त्यात नाही. अध्यक्षाची चूक हाय, मी कालपासून तेच म्हणून राहिली. पण त्यायले हटवायचं, तं आधी तसं कळवा. सगळ्या मंडळाले कळवा, जे नागपूरले हायेत त्यायलेही. आरोप काय ते सांगा, यायचं ऐका, मंग मत घ्या. असं बसल्या जागी, चार जण पाहून कोणाले काढता येत नाही. हिले नाही, यायलेही नाही."

"वा," श्रीधर हसला. "शेवटी नवरा तो नवराच, नाही का वहिनी?"

"नवरा म्हणून असतं, श्रीधरभाऊ, तं मी काल घरीच सही केली असती."

श्रीधर उभाच राहिला. बसावं की नाही हे त्याला ठरवता येईना. मनकर्णाबाईंनी त्याची खुर्ची पायाने त्याच्याकडे सरकवली.

प्रफुल्लने पहिल्यांदा बायकोकडे बघितलं. मग तो डिंपलकडे वळला. या खोलीत तिला तो आजवर 'ए डिंपल' म्हणत आला होता.

"मॅडम," तो म्हणाला. "संचालक अमिताबाई आत्ता काय बोलल्या, तेही लिहून घ्या. त्यायच्या नावानं."